शुक्रवारचं तेल

ती उतरली तेव्हा लाईट गेलेली, घाणा मुका.
पाठीवर पिशवी, पायात पोरांसारखे बूट,
सत्तरी ओलांडलेली बाई, आणि मराठी अशी
की ट्रंकेत घडी घालून ठेवलेली, डांबरगोळीचा वास येणारी:
"तेल्याचं घर हेच काय हो?"

हाव, म्हटलं, या. कोठून आल्या?
लोदहून, म्हणाली. मग थांबून, त्याआधी रेवदंड्याहून.
त्याआधी एका फुटक्या गलबतातून, असं आजी सांगे.
"आम्हीपण तेलीच. शनवार तेली.
शनवारी घाणा बंद, म्हणून कोकणानं पाडलेलं नाव."
मी भिंतीवरच्या बापाच्या फोटोकडे पाहिलं.
आमच्यात हे पोटनाव कोणी सांगितलं नव्हतं.
तरी चहात साखर जास्तीच पडली.

येरूशा वाक्रुळकर. नर्स होती. नवरा गेल्यापासून फिरते.
कोचीन झालं, बुखारा झालं, जेर्बा नावाचं एक बेट.
जिथं त्यांची माणसं होती आणि आता बोटावर मोजण्याइतकी,
तिथं जाऊन एकच विचारते: किल्ली कुणाकडे असते?
बुखाऱ्यात न्हाव्याकडे.
एका गावी पाववाल्याकडे, पिठाच्या डब्यात.
एका गावी किल्ली होती, दार नव्हतं.

आमच्या बोरटेकला त्यांचं दारच कधी नव्हतं.
एक माणूस आला होता, छोट्या गाडीच्या ठेसनावर,
तिच्या आज्याचा धाकटा भाऊ. हनोक.
पारावर विचारलं, कोणाले आठवेना.
कोन हनोक? असा कोनी नव्हता बाई.

मी बापाची वही काढली. लाल, उभी, कडांनी तेल प्यालेली.
पानं एकमेकांना चिकटलेली, चाकूनं सोडवली.
*अनोखे बाबू, ठेसन. शुक्र. तीळतेल पावशेर.*
पुढच्या पानावर तेच. पोळा असो, होळी असो,
तेवीस वर्षं एकच वार.
बाप म्हणे, बाबूचा कोनता तं देव शुक्रवारी जागते.
तिचं बोट नावावर थांबलं. हनोक. अनोखे.
हसली ती, आणि हसू तोंडावर तसंच विसरून
डोळे पुसू लागली.
शेवटच्या ओळीत बाकी होती, सव्वा रुपया.

ठेसनामागं गेलो. रूळ कधीचे उपटून नेलेले.
लिंबाखाली एक आडवा चौथरा, त्यावर बकरी.
बकरीला उठवलं. अक्षरं दोन तऱ्हेची,
एक तऱ्हा मला वाचता आली, "क" पर्यंत.
ती वाकून काहीतरी शोधत राहिली.
"आमच्यात फूल नाही ठेवत. दगड ठेवतात."
आता काळ्या मातीत गोटा कोठून आणावा?
हातभर खणा, कमरेइतकं खणा, नुसती चिखलाची साय.
मग मीच गेले रुळांच्या ओस वाटेवर
आणि ओट्यात गिट्टी घेऊन आले, चार खडे,
ज्यांच्या बाजूला उभं राहून
त्यानं हिरवी झेंडी दाखवली असंल येणाऱ्याले, जाणाऱ्याले,
आणि स्वतः कुठंच गेला नाही.

दिवस कलता कलता घाईनं परतलो.
तिनं काचेचा पेला मागितला. खाली पाणी, वर तेल,
आमच्याच कापसाची वात, तिनं मांडीवर वळलेली.
दिवा लावला, डोळ्यांवर हात धरले, ओठ हलले.
मला कळलं नाही ते काय. मीही पदर घेतला डोक्यावर.

मग एकदम तिला बाकी आठवली.
पिशवीकडे गेलेला हात वाटेत परतला.
"दिवा लागला. आता पैशाला शिवता यायचं नाही."
ऱ्हाऊ द्या, म्हटलं, बापानं इतकी वर्षं वाट पाहिली,
एक दिवस आणखी.

तेवढ्यात लाईट आली.
मोटर दणकन् सुरू, भिंत हादरली, पेल्यातली ज्योत लवली.
मी धावले, खटका पाडला.
आतून नवरा ओरडला: अवं, घाना अर्धा हाये! तीळ तसेच ऱ्हायतीन!
ऱ्हाऊ द्या म्हटलं.
उद्या शनवार आहे.